तू तयार होतास का?

साठेखताचा दावा लावायला आलेला माणूस पहिला तासभर एकच गोष्ट सांगत बसतो. समोरच्यानं शब्द कसा फिरवला, इसार घेताना किती गोड बोलला, बाजूनं रस्ता जाणार असं कळल्यावर त्याची नजर कशी बदलली. तालुक्याच्या कोर्टात वकीलसाहेबांच्या हाताखाली कारकुनी करताना हे मी इतकं ऐकलंय की पुढचं वाक्य मला आधीच माहीत असायचं. साहेब सगळं ऐकून घ्यायचे आणि मग विचारायचे, "ते झालं. खरेदीखत ज्या दिवशी व्हायचं होतं, त्या दिवशी तुमच्याकडे पैसे होते का?" इथं बरीच माणसं गप्प व्हायची.

परवा फोनवर तू म्हणालास, "काका, साठेखत रजिस्टर आहे, मग घाबरायचं कशाला?" घाबरू नकोसच. पण त्या कागदानं तुला काय मिळालं आहे ते आधी नीट समजून घे. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम 54 स्पष्ट सांगतं की विक्रीच्या करारानं मालमत्तेत कसलाही हक्क किंवा बोजा निर्माण होत नाही. प्लॉट अजून त्याचाच आहे. तुला मिळालाय तो एवढाच अधिकार की ठरल्याप्रमाणे खरेदीखत करून दे असं त्याला म्हणायचं, आणि त्यानं नाही म्हटलं तर 1963 च्या विशिष्ट अनुतोष कायद्याखाली कोर्टाकडून ते करून घ्यायचं. कायद्याचं हे मराठी नाव कोर्टाच्या आवारात कुणी उच्चारत नाही. तिथं 'स्पेसिफिक परफॉर्मन्स', म्हणजे करारपूर्ती म्हणतात, नाहीतर नुसतं 'साठेखताचा दावा'.

पूर्वी यात एक गोम होती. करार खरा, पैसे दिलेले, वादी सरळ माणूस, तरीही लिहून देणाऱ्यावर फार संकट ओढवेल असं वाटलं तर न्यायाधीश खरेदीखताऐवजी इसार परत करायला सांगू शकत. 1 ऑक्टोबर 2018 पासून दुरुस्ती लागू झाली आणि ती मोकळीक गेली. तुझं साठेखत त्यानंतरचं, हे तुझं नशीब. पण कलम 16 जागेवरच आहे. करारातला आपला वाटा पुरा करायला आपण सतत 'तयार आणि राजी' होतो, हे ज्याला सिद्ध करता येत नाही त्याला करारपूर्ती नाही. दुरुस्तीनं इतकाच फरक पडला की पूर्वी हे दाव्यात लिहावंही लागायचं आणि सिद्धही करावं लागायचं. आता कायदा सिद्ध करायला सांगतो. तरी लिहायचंच. फुकट मिळणारं वाक्य सोडायचं नसतं.

तेव्हा समोरचा लबाड आहे हे शाबीत करण्यात जीव घालू नकोस. साठेखत त्याला कबूल असेल तर अर्धं काम झालंच, आणि नसेल तर त्यावरची सही, अंगठा, साक्षीदार आणि बँकेतून गेलेला पैसा बोलेल. तपासणी होणार आहे ती तुझी.

तयार म्हणजे पैशानं तयार, राजी म्हणजे वागण्यानं राजी. दोन्ही वेगळं आणि दोन्ही लागतं. सगळी रक्कम नोटांच्या थप्पीनं कपाटात ठेव असं कुणी म्हणत नाही. कोर्टानं सांगितल्याशिवाय ती कोर्टात भरायचीही गरज नाही, हे कलम 16 च्या स्पष्टीकरणातच आहे. पण रक्कम उभी करण्याची ऐपत कागदावर दिसली पाहिजे. साठेखताच्या तारखेपासून आजपर्यंतचा खातेउतारा, मुदत ठेवींच्या पावत्या, कर्जाचं मंजुरीपत्र, आयकराची विवरणपत्रं असं सगळं एका फाइलीत लाव. मंजुरीपत्राला मुदत असते, ती संपली की ते रद्दी. बँकेत जाऊन वाढवून घे. सासरे देणार होते, मित्र देणार होता, असलं पुढे साक्षीत सांगायचं असेल तर त्या सासऱ्यांचं किंवा मित्राचं त्या वेळचं खातं दाखवता आलं पाहिजे आणि त्यांना पिंजऱ्यातही यावं लागेल. नुसत्या तोंडी सांगण्यावर भरवसा ठेवून आलेल्यांचे चेहरे उलटतपासणीत कसे उतरतात ते मी पाहिलंय.

ही तयारी एका दिवसापुरती नाही. कराराच्या दिवसापासून निकालाच्या दिवसापर्यंत ती टिकली पाहिजे. मधे तू त्याच पैशातून दुसरा फ्लॅट घेतलास, तर समोरचा वकील नेमका त्याच फ्लॅटचा इंडेक्स टू काढून आणेल. घेऊ नको असं नाही, पण मग राहिलेले पैसे कुठून येणार होते त्याचं उत्तर तयार ठेव.

राजी असणं कागदावर आणायचा उत्तम मार्ग म्हणजे नोटीस. त्यात भाषण नको. अमुक तारखेचं साठेखत, अमुक रक्कम पोचली, अमुक बाकी. ती घेऊन मी अमुक दिवशी सकाळी अकरा वाजता दुय्यम निबंधक कार्यालयात थांबणार आहे, तुम्ही या आणि खरेदीखत करून द्या. बस. खरेदीखताचा मसुदा सोबत जोड. नोटीस पोचपावतीच्या टपालानं पाठव. पाकीट न घेता परत आलं तर ते फोडू नकोस, तसंच बंद ठेव, कोर्टात तेच हजर करायचं असतं. आणि त्या दिवशी खरोखर जा. धनाकर्ष किंवा खात्याचा ताजा उतारा, दोन साक्षीदार, वेळ घेतल्याची पावती हे सगळं बरोबर असू दे. तो येणार नाही हे तुला माहीत असलं तरी जा. त्याच दिवशी हजर असल्याचं प्रतिज्ञापत्र नोटरीपुढे करून ठेव.

नोटिशीत काय लिहायचं नाही तेही ऐक. 'नाहीतर माझा इसार व्याजासह परत करा' हे वाक्य लोक रागाच्या भरात हमखास टाकतात, आणि मग समोरचा म्हणतो, बघा, याला जागा नकोच होती, पैसे हवे होते. परताव्याची मागणी दाव्यात पर्यायी म्हणून करता येते, ती तिथंच करायची. भावात घासाघीस नको. साठेखतात नसलेली मोजणी, नसलेलं कुंपण, नसलेला दाखला मागत बसू नको. नवी अट घातलीस की मूळ करारावर तू राजी नव्हतास असा अर्थ निघतो. शिव्या तर नकोतच. व्हॉट्सॲपवरही नकोत. तिथलं बोलणं आता पुरावा म्हणून येतं. 1 जुलै 2024 पासून पुराव्याचा जुना कायदा गेला आणि भारतीय साक्ष्य अधिनियम आला. त्याच्या कलम 63 चं प्रमाणपत्र जोडावं लागतं. म्हणून ते संभाषण ज्या फोनवर आहे तो विकू नको, त्यातलं काही पुसू नको. त्याच्या 'पुढच्या महिन्यात नक्की करू' अशा एका ओळीची किंमत पुढे कळेल.

आता मुदत. इथं मोठमोठी माणसं बुडतात. मुदतीच्या कायद्याच्या परिशिष्टातला अनुच्छेद 54 म्हणतो तीन वर्षं. पण कधीपासून? साठेखतात खरेदीखताची तारीख ठरलेली असेल तर त्या तारखेपासून. ठरलेली नसेल तर त्यानं नकार दिला हे तुला कळलं तेव्हापासून. 'आजपासून सहा महिन्यांचे आत' असं लिहिलेलं असेल तर ते सहा महिने संपले त्या दिवशी तीन वर्षांचं घड्याळ सुरू. तो नंतर दोन वर्षं 'होईल हो, भाऊबंदांचं मिटू दे' म्हणत राहिला म्हणून ते थांबत नाही, आणि गोड बोलणारा लिहून देणार हे पक्कं ओळखून असतो. मुदत वाढवायचीच असेल तर मुदतवाढीचा लेख करून घ्यायचा, आणि तोही मूळ साठेखतावर सह्या असलेल्या सगळ्यांच्या सह्यांनी. एकट्या थोरल्या भावाची सही पुरत नाही. तोंडी वाढीवर विसंबून तुझे दोनचे तीन होऊ देऊ नकोस.

आणि तीन वर्षं आहेत म्हणून तीन वर्षं बसायचं नसतं. मदुराईच्या एका घराचा वाद 1997 साली सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाला. के. एस. विद्यानादम विरुद्ध वैरवन. किंमत 60 हजार, इसार 5 हजार, मुदत सहा महिने. घेणारा त्यानंतर अडीच वर्षं गप्प बसला आणि मग मुदतीच्या आत दावा घेऊन आला. कोर्ट म्हणालं, शहरातल्या जागांचे भाव चढत असताना असा गप्प बसलेला माणूस करारपूर्ती मागायला येऊ शकत नाही. स्थावराच्या करारात ठरलेली तारीख म्हणजे सर्वस्व नसतं असं जुनं गृहीत आहे, पण ते आळशाच्या मदतीला येईल या भरवशावर राहू नको. कायदा बदलला तरी असलं मौन 'राजी' या शब्दाला भोक पाडतंच. मी तर म्हणेन, ठरलेली तारीख चुकली की महिन्याभरात नोटीस, आणि नोटिशीला सरळ उत्तर आलं नाही की दोन-तीन महिन्यांत दावा.

रोखीचं विचारायचं राहिलं. तू काही रक्कम रोखीत दिली आहेस का? दिली असशील तर वकिलाला पहिल्या भेटीतच सांग, लपवू नकोस. स्थावराच्या व्यवहारात 20 हजार किंवा त्याहून जास्त रक्कम रोखीनं घ्यायला 2015 पासून आयकर कायद्यात मनाई आहे. त्यावर एप्रिल 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं बंगळुरूच्या एका मालमत्तेच्या खटल्यात, जिथं 75 लाख रोख आगाऊ दिल्याचं म्हणणं होतं, आणखी एक आदेश दिला. दाव्यात 2 लाख किंवा त्याहून जास्त रोख दिल्याचं म्हणणं असेल तर कोर्टानं आयकर खात्याला कळवायचं. म्हणजे सात-बाराच्या शोधात निघालास आणि घरी आयकराची नोटीस आली. रोख दिलेली रक्कम साठेखतात लिहिलेलीच नसेल तर ती दिली असं म्हणणं सिद्ध करणं त्याहून अवघड. 'वरचे पैसे' घेऊन लिहून देणारा मोकळा होतो, आणि दाव्यात तुझी बाकी उलट वाढते.

सह्या बघ. साठेखतावर कोणाकोणाच्या आहेत? मालमत्ता वडिलोपार्जित असेल तर हिंदू वारसा कायद्यातल्या 2005 च्या दुरुस्तीनंतर मुलींचाही जन्मानं हिस्सा आहे, आणि 2020 साली विनीता शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं तो वाद मिटवला. भावांनी लिहून दिलं, बहिणी सासरी, त्यांना कुणी विचारलंच नाही, असं अजूनही सर्रास चालतं. मग दावा फक्त सह्या करणाऱ्यांच्या हिश्शापुरता चालतो. न विचारलेल्या बहिणीला तू करारपूर्तीच्या दाव्यात ओढू शकत नाहीस, कारण तिनं तुला काही लिहूनच दिलेलं नाही. हुकूमनामा मिळाला तरी हातात येतो अविभक्त हिस्सा, आणि वाटपाचा दुसरा दावा नशिबी. तुझ्या प्रकरणात दोघी बहिणींची 'संमती देणार' म्हणून सही आहे असं तू म्हणतोस. मूळ कागदावर डोळ्यांनी बघ, झेरॉक्सवर नको.

शेतजमिनीचं असतं तर मी आणखी तासभर घेतला असता. कुळकायद्याखाली मिळालेली जमीन, भोगवटादार वर्ग 2 ची जमीन, आदिवासीची जमीन, बिगरशेतकऱ्यानं घेतलेली शेतजमीन, प्रत्येकाची परवानगी वेगळी आणि कायदाही प्रदेशागणिक वेगळा. पश्चिम महाराष्ट्रात आणि कोकणात 1948 चा, मराठवाड्यात 1950 चा हैदराबादचा, विदर्भात 1958 चा. सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात हे दिसतं, पण तो रकाना लोक वाचत नाहीत. परवानगी लागते एवढ्यानं दावा मरत नाही. 1963 मध्येच सर्वोच्च न्यायालयानं सांगितलंय की लिहून देणाऱ्यानं परवानगीसाठी अर्ज करावा आणि ती मिळाली की खरेदीखत करून द्यावं, असा हुकूमनामा देता येतो. परवानगी कुणी आणायची हे मात्र साठेखतात लिहिलेलं हवं.

कोर्टात कागद दाखल करण्याआधी मुद्रांक बघून घे. साठेखत नोंदवलेलं नसलं तरी करारपूर्तीच्या दाव्यात ते पुराव्यात येतं, नोंदणी कायद्याच्या कलम 49 चं परंतुक तसं म्हणतं. पण मुद्रांक कमी असेल तर मात्र दयामाया नाही. तुझ्या साठेखतात 'ताबा आज रोजी दिला' असं आहे. महाराष्ट्र मुद्रांक कायद्यात ताबा दिलेलं किंवा देण्याचं कबूल केलेलं साठेखत खरेदीखतच धरतात, त्याला पूर्ण शुल्क लागतं, आणि पुढे खरेदीखताच्या वेळी भरलेलं वजा मिळतं. नोंदणीच्या वेळी ते भरलं होतं का? भरलं नसेल तर समोरचा वकील ऐन साक्षीच्या दिवशी हरकत घेईल, कागद जप्त होऊन मुद्रांक जिल्हाधिकाऱ्यांकडे जाईल, आणि कमी पडलेल्या रकमेवर दरमहा 2 टक्के दंडाचा हिशेब चालू. तुझं काम तोवर ठप्प. आधीच जाऊन भरून ये.

दावा मालमत्ता जिथं आहे तिथल्याच कोर्टात लागतो. कोर्ट फी साठेखतातल्या किमतीवर, आजच्या भावावर नाही. हे ऐकून तुझा जीव खाली पडेल, कारण बऱ्याच जणांना उलटं वाटत असतं.

दाव्यात मागणी काय लिहितोस याकडे वकिलाइतकंच लक्ष तू दे. खरेदीखत करून मिळावं, ही मुख्य. ताबा आज तुझ्याकडे असला तरी तो टिकवण्यासाठी मनाई माग, आणि नसेल तर ताबा माग. विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 22 खाली ताबा, वाटप आणि इसाराचा परतावा हे वेगळे मागावे लागतात. नुकसानभरपाई हवी असेल तर तीही लिहून मागावी लागते, न मागता मिळत नाही. हे नंतर दुरुस्तीनं घालता येतं, पण कोर्टात दुरुस्ती अर्ज म्हणजे दोन-चार तारखा गेल्याच. आणि त्यानं तुला 'साठेखत रद्द केलं' अशी नोटीस पाठवली असेल, तर ते रद्द करणं बेकायदा आहे असं जाहीर करून मागायला विसरू नको. 2013 साली आय. एस. सिकंदर खटल्यात हे न मागितल्यामुळे वादीचा दावा टिकला नव्हता. नंतरच्या निकालांत त्याची धार थोडी कमी झाली, पण एका ओळीनं धोका टळत असेल तर ती ओळ लिहावी.

दावा दाखल केला त्याच दिवशी निशाणी 5 चा अर्ज. प्रतिवादीनं मालमत्ता कुणाला विकू नये, गहाण ठेवू नये, बांधकाम करू नये, अशी तूर्तातूर्त मनाई. ती मिळेल किंवा नोटीस निघून थांबावं लागेल, सगळं त्या दिवसाच्या रंगावर. पण त्यावर विसंबून बसू नकोस. मुंबई इलाख्यात 1939 साली मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 52 ला दुरुस्ती झाली. तेव्हापासून दावा चालू असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवण्याची आपल्याकडे पद्धत आहे. लिस पेंडन्स म्हणतात तिला. ती नोंदवून टाक, म्हणजे सर्च घेणाऱ्याला दिसते. त्यासोबत तुमच्याकडे खपणाऱ्या वर्तमानपत्रात जाहीर नोटीस दे. कात्रण नको, पूर्ण अंक जपून ठेव.

हे सगळं कशासाठी, तर तिसऱ्या माणसासाठी. साठेखतानंतर त्यानं दुसऱ्याला विकलंच, तर तो दुसरा घेणार एकाच मार्गानं सुटतो: त्यानं पूर्ण किंमत दिली, प्रामाणिकपणे दिली आणि तुझ्या कराराची त्याला खबर नव्हती. हे सिद्ध करायचं ओझं मुख्यतः त्याच्यावर. तुझं साठेखत नोंदवलेलं आहे, म्हणजे त्यानं सर्च घेतला असता तर दिसलं असतं, आणि प्लॉटवर ताबा तुझा, म्हणजे त्यानं येऊन बघितलं असतं तर कळलं असतं. त्याला दाव्यात प्रतिवादी कर. त्याचं खरेदीखत रद्द करून मागत बसायची गरज नसते. 1954 च्या अहवालात छापलेल्या लाला दुर्गा प्रसाद खटल्यात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी हुकूमनाम्याचा नमुनाच घालून दिलाय. मूळ मालकासोबत त्या नंतरच्या घेणाऱ्यालाही तुझ्या खरेदीखतावर सही करायला लावायची. माझ्या साहेबांना हा निकाल पाठ होता आणि तरी ते दर वेळी ए. आय. आर. चा तो जाडा खंड मला कपाटावरून खाली काढायला लावायचे.

साक्ष तूच द्यायची. कुलमुखत्यारपत्रावर मेव्हण्याला उभं करून चालणार नाही. तू तयार होतास का, राजी होतास का, हे तुझ्या मनातलं आणि तुझ्या खिशातलं, ते तूच सांगू शकतोस. 2010 मध्ये मान कौर खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं हे बजावलंय. आपल्याकडे पुणे-नाशिकला परदेशातल्या मुलामुलींच्या नावावर साठेखतं होतात आणि वडील मुखत्यार म्हणून दावा चालवतात, त्यांनी हे आधीच ध्यानात घ्यावं. सरतपास प्रतिज्ञापत्रावर होते, ती सोपी. उलटतपासणीला जाण्याआधी आपली फाइल स्वतः वाच. कोणत्या तारखेला खात्यात किती होते, मंजुरीपत्र कधीचं, नोटीस कधी पाठवली. आठवत नसेल तर 'कागद पाहून सांगतो' म्हण. 'मला माहीत नाही' हे उत्तर प्रामाणिक असलं तरी पैशाच्या प्रश्नाला ते घातक.

दाव्याचं वेळापत्रक कायद्यात छान लिहिलंय. समन्स बजावल्यापासून बारा महिन्यांत निकाल, फार तर आणखी सहा महिने. प्रतिवादीची कैफियत तीस दिवसांत, उशिरात उशिरा नव्वद. तू कॅलेंडरवर याच्या खुणा करू नकोस. मात्र प्रत्येक तारखेला जा, रोजनाम्याची नक्कल काढत राहा आणि समोरच्या घरातली खबर ठेव. कारण प्रतिवादी वारला तर नव्वद दिवसांच्या आत वारसांना रेकॉर्डवर आणावं लागतं, नाहीतर त्याच्याविरुद्ध दावा आपोआप पडतो. पुढच्या साठ दिवसांत तो उठवायचा अर्ज करता येतो, त्यानंतर उशीर माफ करून घ्यायची याचना. गावात दहाव्याची जेवणं झाली आणि तालुक्यात दावा मेलेल्या माणसावर चालूच, असं घडतं.

तडजोडीला नाही म्हणू नकोस. लोकअदालतीत मिटलं तर कोर्ट फी परत मिळते आणि अपिलाची दगदग वाचते. साठेखतातल्या किमतीवर थोडी वाढ मागितली तर रागावण्याआधी हिशेब कर: दावा, अपील, दुसरं अपील आणि तेवढ्या वर्षांचं तुझं घरभाडं. फक्त तडजोडीचं बोलणं चालू असताना 'मी बाकी द्यायला तयार आहे' हे लेखी असू दे.

आणि बाकी रकमेची तुझी खरंच जुळवाजुळव होत नसेल, तर मला आत्ताच सांग. दावाच लावू नको. इसार व्याजासह परत घे आणि सुट. पैसे नसलेल्या माणसानं करारपूर्तीचा दावा लावणं म्हणजे वकिलाची आणि कोर्टाची फी भरून आपला इसार लांबवणं.

हुकूमनामा झाला की लोक पेढे वाटतात, आणि तिथंच गाफील राहतात. हुकूमनाम्यात लिहिलेलं असतं की वादीनं बाकी रक्कम अमुक मुदतीत कोर्टात भरावी. ती तारीख चुकली तर विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 28 खाली प्रतिवादी अर्ज देऊन अख्खा करारच रद्द करून मागू शकतो. इतकी वर्षं लढून मिळवलेलं त्या मुदतीत भरणा न केल्यानं गेलेलं मी पाहिलंय. प्रतिवादीनं अपील केलं म्हणून थांबायचं नाही. वरच्या कोर्टानं भरण्याला स्थगिती दिली आहे का ते लेखी बघायचं, दिली नसेल तर भरायचं. जमत नसेल तर मुदत संपायच्या आधी वाढीचा अर्ज. भरलेल्या चलनाची प्रत प्रतिवादीच्या वकिलाला देऊन पोच घ्यायची.

त्यानंतरही तो सही करायला आला नाही तर हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची दरखास्त लावायची. त्यासाठी कायद्यात बारा वर्षं आहेत, पण तू पहिल्याच महिन्यात लाव. खरेदीखताचा मसुदा दाखल करायचा, प्रतिवादीला हरकतीची संधी मिळते, आणि तो तरी गप्प राहिला तर कोर्टानं नेमलेला अधिकारी त्याच्या वतीनं दुय्यम निबंधकापुढे सही करतो. मसुद्यात चतुःसीमा साठेखतातल्याच ठेव, एक शब्द इकडचा तिकडे नको. ताबा गेला असेल तर बेलीफ पंचनामा करून देतो. हुकूमनाम्यात ताब्याचा उल्लेख राहून गेला असेल तर 1982 च्या बाबूलाल विरुद्ध हजारीलाल निकालाचा आधार घेऊन दरखास्तीतच तो मागायचा.

खरेदीखत हातात आलं की त्याच आठवड्यात नोंदीचा अर्ज दे. प्लॉट गावठाणात किंवा सिटी सर्वेत असेल तर भूमापन कार्यालयात, नसेल तर तलाठ्याकडे. आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात. हितसंबंधितांना नोटीस निघते, पंधरा दिवस हरकतीची वाट बघतात, मग मंडळ अधिकारी नोंद मंजूर करतो. अर्जासोबत हुकूमनाम्याची सही नक्कल जोड, कारण खरेदीखतावर मालकाऐवजी कोर्टाच्या अधिकाऱ्याची सही बघून तिथला माणूस हमखास अडवतो.